मुंबई कायदेमंडळ आणि मतदारयादीचा उंबरठा

पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी १८८२ साली सोपाऱ्याचा स्तूप उकलला आणि त्याच वर्षी सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा एक तुकडा तेथे मिळाला. पूर्वीचे राजे विहारयात्रेस जात. अशोक मात्र धम्मयात्रेस निघाला, जनपदातील जनांचे दर्शन घेऊ लागला व त्यांच्याशी धम्माविषयी बोलू लागला, असे हा लेख सांगतो. हा तुकडा उजेडात आला तेव्हा मुंबई इलाख्याच्या कायदेमंडळास वीस वर्षे झाली होती. २२ जानेवारी १८६२ रोजी त्याची पहिली बैठक भरली होती. परंतु जनपदाने निवडून पाठविलेला एकही मनुष्य त्यात नव्हता. पुढे तेथे निवडणूक आली. ती कोणासाठी आली, एवढाच प्रश्न आम्ही येथे घेतला आहे.

१८९२ च्या कायद्याने नगरपालिका, लोकल बोर्डे, विद्यापीठ अशा संस्थांना आपले प्रतिनिधी सुचविता येऊ लागले. फिरोजशहा मेहता व लोकमान्य टिळक याच मार्गाने कौन्सिलात गेले. १९०९ च्या सुधारणांनी हा मार्ग थोडा रुंद केला, इतकेच.

खरा बदल १९१९ च्या कायद्याने झाला. त्यापूर्वी २७ जानेवारी १९१९ रोजी साऊथबरो समितीपुढे साक्ष देताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अस्पृश्यवर्गासाठी मताधिकाराची अट खाली आणण्याची मागणी केली होती. ती मान्य झाली नाही. ठाणे जिल्ह्यासारख्या ग्रामीण मतदारसंघात मुख्य अट बत्तीस रुपये शेतसाऱ्याची ठरली. वसई तालुक्यातील केळीच्या व पानवेलीच्या वाड्यांचा मोठा सारा भरणारा बागाईतदार तेवढ्याने मतदार झाला. भूमिहीन महार, चांभार वा वारली मात्र यादीबाहेरच राहिला. अस्पृश्यवर्गाच्या वाट्यास प्रथम एक सरकारनियुक्त जागा आली. विनयात संघकम्माच्या वेळी सीमेतील आजारी भिक्खूचाही ‘छन्द’, म्हणजे त्याची संमती, आणावी लागते; अन्यथा ते कम्म ‘वग्ग’ म्हणजे अपुऱ्या संघाचे ठरते. १९२१ चे कायदेमंडळ आमच्या मते असे वग्गच होते.

तरीही या अपुऱ्या सभेने एक मोठे काम केले, हे मान्य केले पाहिजे. ४ ऑगस्ट १९२३ रोजी सीताराम केशव बोले यांचा ठराव तेथे संमत झाला. सार्वजनिक पैशाने बांधलेले वा चालविलेले पाणवठे, विहिरी व धर्मशाळा, तसेच शाळा, न्यायालये व दवाखाने अस्पृश्यांस खुले करावेत, असा तो ठराव. बोले हे भंडारी समाजाचे. वसईच्या किनारपट्टीवर हा समाज मोठा आहे, म्हणून येथील वाचकांनी हे नाव विशेष ध्यानात ठेवावे. महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये तसा ठराव केला, पण चवदार तळ्याचे पाणी मिळाले नाही. ५ ऑगस्ट १९२६ रोजी बोल्यांनी दुसरा ठराव मांडला : जी नगरपालिका हे मानणार नाही तिचे अनुदान थांबवावे. पाणी अखेर २० मार्च १९२७ रोजी लोकांनी स्वतः घेतले. ज्यांच्यासाठी ठराव झाला त्यांच्या मताची गरज कोणत्याही नगरपालिकेच्या सभासदास नसेल, तर तो कागदावर राहावा यात नवल कसले?

बाबासाहेब १९२७ साली कौन्सिलात गेले तेही सरकारनियुक्त सभासद म्हणूनच, डॉ. पुरुषोत्तम सोळंकी त्यांचे सहकारी होते. १९ मार्च १९२८ रोजी त्यांनी महार वतनाच्या सुधारणेचे विधेयक मांडले. वतनाच्या नावाखाली राबणाऱ्यास निश्चित मोबदला मिळावा, वा त्यातून सुटता यावे, असा त्याचा आशय होता. सरकारचा विरोध कायम राहिला आणि १९२९ च्या जुलैत ते मागे घ्यावे लागले.

१९३२ च्या पुणे करारानंतर १९३५ च्या कायद्याने मुंबई विधानसभेच्या १७५ जागांपैकी १५ अनुसूचित जातींस राखून ठेवल्या. याची चर्चा आपल्याकडे पुष्कळ होते. मतदारयादीच्या नियमांकडे मात्र फारसे कोणी पाहत नाही. सर्वसाधारण अट आठ रुपये साऱ्यावर आली. शिवाय अनुसूचित जातीच्या ज्या व्यक्तीने कनिष्ठ ग्रामसेवकाचे काम त्या वर्षी प्रत्यक्ष केल्याची नोंद गावदप्तरात असेल, तिचे नाव यादीत घेण्याची तरतूद झाली. मग ते काम वंशपरंपरेचे असो वा नसो. ज्या चाकरीतून सोडविण्यासाठी बाबासाहेब १९२८ साली झगडले, त्याच चाकरीची नोंद १९३७ साली मताचा पुरावा ठरली. वेठीची बेडी तीच, पण मतदानाच्या दिवशी तिनेच दार उघडले.

स्वतंत्र मजूर पक्षाने त्या निवडणुकीत सतरा उमेदवार उभे केले. त्यांतील बहुतेक विजयी झाले. बाबासाहेब भायखळा–परळमधून निवडून आले. १७ सप्टेंबर १९३७ रोजी त्यांनी मांडलेले खोतीविरोधी विधेयक आता लोकांनी निवडलेल्या सभासदाचे होते. याच पक्षातर्फे निवडून आलेले शामराव परुळेकर पुढे १९४५ पासून ठाणे जिल्ह्यातील वारल्यांच्या लढ्यात उतरले. त्या वारल्यांच्या नावावर बहुधा आठ रुपये साऱ्याचीही जमीन नव्हती, आणि मागास क्षेत्रे व जमातींसाठी सबंध मुंबई इलाख्यात जागा होती ती एक. १९५१–५२ च्या निवडणुकीत प्रौढ मतदान आले, तेव्हा वसईतील वारली आणि त्याला राबविणारा सावकार एकाच यादीत आले. कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा त्यानंतर, १९५८ साली झाला.