‘मॅडिसन’ : एका स्त्रीनामाचा इतिहास

व्यक्तिनामाचा अर्थ व्युत्पत्तीत शोधावा की रूढीत, या प्रश्नाच्या विचारात ‘मॅडिसन’ हे अमेरिकन स्त्रीनाम उद्बोधक ठरते. मुळात हे इंग्लंडमधील आडनाव. ‘मॅथ्यूचा पुत्र’ किंवा, मतांतराने, ‘मॉडचा पुत्र’ असा त्याचा अर्थ सांगतात. मॉड हे माटिल्डा या स्त्रीनामाचे रूपांतर होय. राष्ट्राध्यक्ष जेम्स मॅडिसन (१८०९–१८१७) यांच्यामुळे ते अमेरिकेत प्रतिष्ठा पावले व त्यांच्या नावाच्या चौकावरून न्यू यॉर्कमधील एका हमरस्त्यास मिळाले.

१९८४ च्या ‘स्प्लॅश’ चित्रपटातील जलपरी या रस्त्याच्या पाटीवरून आपले नाव घेते. हे नावच नव्हे, असे नायक म्हणतो. प्रसंग विनोदाचा होता. तथापि १९८५ साली मुलींच्या पहिल्या हजार नावांत ते आले आणि २००१ मध्ये दुसऱ्या क्रमांकास पोहोचले. आडनाव प्रथमनाम म्हणून देण्याची प्रथा अमेरिकेत जुनी होती. ‘ॲलिसन’सारख्या स्त्रीनामांमुळे अंत्य ‘सन’ही कानांस परका नव्हता. म्हणूनच हा विनोद रुजला.

‘पुत्र’ हा अर्थ कन्येच्या नावात निर्वेधपणे नांदला, कारण नाव ठेवणाऱ्यांच्या लेखी तो केव्हाच लोपला होता. व्युत्पत्ती नामाचे मूळ सांगते. त्याच्या प्रसाराचे कारण मात्र समाजाच्या इतिहासातच शोधावे लागते.