वाटसरूने ठेवलेले नाव

ताड नव्हे, माड नव्हे, केळही नव्हे; आणि तरी या तिघांचीही आठवण करून देणारे एक झाड आपल्या शहरांतल्या बागांत, हॉटेलांच्या दारांत आणि नव्या बंगल्यांच्या कुंपणाशी उभे असलेले वाचकांनी पाहिले असेल. बुंधा ताडासारखा, पाने केळीसारखी. पण ती चहूकडे न पसरता डावे-उजवे, डावे-उजवे अशी एकाच पातळीत रचलेली. मोराने फुलवलेला पिसारा कुणी हिरव्या रंगात बुडवून काढावा, तसे ते झाड दिसते. बागवाले त्याला ट्रॅव्हलर्स पाम म्हणतात. बंगाली माणसाने मात्र त्याला मोठे गोड नाव दिले आहे: पांथपादप. वाटसरूचे झाड!

या नावामागे एक गोष्ट आहे. रणरणते ऊन, तहानेने व्याकूळ झालेला वाटसरू, समोर हे झाड. तो देठाच्या बुडाशी सुरी खुपसतो आणि गार पाण्याची धार लागते. आम्हां कादंबऱ्या लिहिणाऱ्यांना असली गोष्ट सोडवत नाही. वर्गातही मी ती सांगतो आणि मुले माना डोलावतात. एका वर्षी मात्र मागच्या बाकावरच्या एका मुलाने मान डोलावली नाही. तो म्हणाला, “गुरुजी, हे नाव वाटसरूंनी ठेवलं. पण झाड ज्यांच्या दारात आहे, ते त्याला काय म्हणतात?”

इतिहास शिकवणाऱ्याने जन्मभर पुरवावा असा हा प्रश्न आहे.

झाड ज्यांच्या दारात आहे ते लोक मादागास्करचे. आफ्रिकेच्या पूर्वेला हिंदी महासागरात पसरलेले हे बेट आपल्या महाराष्ट्राच्या जवळजवळ दुप्पट आहे. बेट आफ्रिकेजवळचे, पण भाषा आफ्रिकेची नाही. हजार वर्षांपेक्षाही पूर्वी बोर्निओकडचे दर्यावर्दी होड्यांतून सारा महासागर ओलांडून इकडे आले आणि आपली बोली घेऊन आले. त्यांच्या भाषेत ‘राविना’ म्हणजे पान आणि ‘आला’ म्हणजे रान. जावा बेटावर आजही रानाला ‘अलस’ म्हणतात. तोच हा शब्द. दोन्ही मिळून झाले राविनाला, रानाचे पान. या नावात वाटसरू नाही, तहान नाही, सुरीही नाही.

बेटाच्या पूर्व किनाऱ्यावर बेत्सिमिसाराका लोकांची वस्ती आहे. त्यांचे जुन्या पद्धतीचे घर जमिनीपासून थोडे उंच, खांबांवर उभे असते. खांब दुसऱ्या लाकडाचे. बाकीचे घर बहुतेक राविनालाचे. बुंधा उभा चिरायचा, आतला मऊ गाभा काढून टाकायचा आणि बाहेरची साल ठोकून ठोकून सपाट करायची. ती अंथरली की झाली घराची जमीन. तिला ‘रापाका’ म्हणतात. पानांचे वाळलेले लांब देठ एकाला एक लावून ओवले की भिंती होतात, त्या ‘फालाफा’. छपरावर त्याच झाडाची पाने. आपल्या कोकणातल्या कुडाच्या भिंती आणि माडाच्या झापांचे छप्पर ज्यांनी पाहिले आहे, त्यांना हे घर परके वाटणार नाही. तेथेही छप्पर शाकारावे लागते, आणि वादळ आले की तेथेही घरधनी आधी छपराकडे बघतो. जेवायला बसले की ताटाच्या जागी हेच पान. दुमडले की त्याचाच द्रोण, त्याचीच पळी. केळीच्या पानावर जेवणाऱ्याला याचे सुख वेगळे सांगायला नको. मला कुणी विचारले असते, तर मी या झाडाला घरकऱ्याचे झाड म्हटले असते.

पण जगात नाव पसरले ते वाटसरूचे, आणि ते पसरवणाऱ्यांत इंग्रज मिशनरी विल्यम एलिस याचा वाटा मोठा. त्या वेळी बेटावर राणी रानावालोना पहिली हिचे राज्य होते. बाई मोठी करारी. १८३५ साली तिने आपल्या प्रजेला ख्रिस्ती धर्माची बंदी केली होती. एलिसने १८५३ आणि १८५४ साली किनाऱ्यापर्यंत येऊन पाहिले. राजधानीला जाण्याची परवानगी मिळाली ती १८५६ साली. भोयांच्या खांद्यावरून तो रानातून चालला होता. झाडात पाणी असते ही गोष्ट त्याने ऐकली होती, पण त्याचा तिच्यावर विश्वास नव्हता. मग एका भोयाने भाला घेतला, देठाच्या जाड बुडात चार-पाच बोटे खुपसला आणि उपसला. स्वच्छ पाण्याची धार लागली. चांगले लोटाभर पाणी निघाले, आणि ते सगळ्यांनी तिथेच वाटून प्यायले. १८५८ साली एलिसचे पुस्तक निघाले आणि ही हकीकत इंग्रजी वाचणाऱ्या घराघरांत पोहोचली.

हकीकत खरी आहे. पावसाचे पाणी पानाच्या पन्हळीतून खाली उतरते आणि देठाच्या पोकळ बुडात साठते. पण गंमत पुढेच आहे. हे झाड जिथे मुळात उगवते त्या पूर्व किनाऱ्यावर आपल्या कोकणासारखा पाऊस पडतो. फरक इतकाच की कोकणात तो चार महिने, तिथे जवळजवळ बारमाही. पावलोपावली ओढे आणि नद्या. बेटाचा खरा कोरडा भाग दक्षिणेचा, आणि तिथल्या काटेरी माळरानात राविनाला आपणहून उगवत नाही. म्हणजे जिथे तहानेने जीव जाईल तिथे झाड नाही, आणि जिथे झाड आहे तिथे तहानेने मरायला माणसाला मुद्दाम प्रयत्न करावा लागेल! शिवाय देठातल्या पाण्यात पुष्कळदा कुजलेला पालापाचोळा आणि डासांच्या अळ्या असतात. पिसारा नेहमी पूर्व-पश्चिम उभा असतो, त्यावरून वाटसरूला दिशा कळते, असेही सांगतात. तेही खरे नाही. कुंपणाजवळची दोन झाडे पाहिली तरी कळेल.

युरोपच्या शास्त्रात या झाडाची नोंद एलिसच्या बरीच आधी झाली होती. ती करणारा पिएर सोनेरा हा लियाँ शहरचा फ्रेंच माणूस मोठा गमतीचा. त्याचा नातेवाईक पिएर प्वाव्र हा मॉरिशसचा कारभारी. डचांनी जिवापाड राखलेली लवंग-जायफळाची रोपे पळवून आणणारा तो हाच. (ती लवंग पुढे मादागास्करच्या पूर्व किनाऱ्यावर अशी रुजली, की आपल्या मसाल्याच्या डब्यातली लवंग आज पुष्कळदा तिथूनच येते.) प्वाव्रच्या आश्रयाने सोनेरा पूर्वेचे समुद्र हिंडला. त्याचे सगळेच बोलणे विश्वासाचे नव्हते. न्यू गिनीत पेंग्विन पक्षी असतात असेही त्याने खुशाल लिहून ठेवले! १८१३ साली तेमिंक या डच पंडिताने आपल्या सह्याद्रीत पहाटे आरवणाऱ्या राखी रानकोंबड्याला शास्त्रीय नाव दिले, ते या सोनेराचेच. त्याच साली सोनेरा पाँडिचेरीत इंग्रजांच्या वीस वर्षांच्या कैदेतून सुटला. पुढच्या वर्षी तो पॅरिसमध्ये वारला.

तर या सोनेराने १८८२ च्या बरोबर शंभर वर्षे आधी, म्हणजे १७८२ साली, आपले प्रवासाचे पुस्तक छापले आणि त्यात झाडाला नाव दिले: रावेनाला मादागास्कारिएन्सिस. हजार दोष असतील त्याच्यात, पण झाडाच्या घरी जाऊन त्याने तिथलेच नाव विचारले आणि तेच लिहिले, हा त्याचा गुण मी कधी विसरणार नाही.

पंडितांना मात्र ते रुचले नाही. असली गावंढळ नावे शास्त्रात कशाला? १७८९ साली श्रेबर नावाच्या जर्मन पंडिताने ते पुसून ‘युरेनिया’ असे ग्रीक नाव ठेवले. आपल्याकडे लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीने नवरीचे नवे नाव लिहीत, तसलाच हा प्रकार. कितीतरी वर्षे पुस्तकांतून झाड युरेनिया म्हणून नांदले. पुढे ज्याने आधी नाव दिले त्याचेच नाव धरायचे, असा शास्त्राचा नियम पक्का झाला, म्हणून राविनालाला माहेरचे नाव परत मिळाले. याच कुळातली, दक्षिण आफ्रिकेतली धाकटी बहीण म्हणजे पक्ष्याच्या चोचीसारखे केशरी-निळे फूल येणारी स्ट्रेलिट्झिया, आपण जिला बर्ड ऑफ पॅरडाइज म्हणतो. तिचे नाव इंग्लंडची राणी शार्लट हिच्या स्ट्रेलिट्झ या माहेरावरून ठेवले. राणीचे माहेर शास्त्राला चालले. रानाचे चालले नाही!

फ्रेंचांनी १८९६ साली मादागास्कर आपल्या राज्याला जोडले. डोंगरउतारावरचे रान तोडून, जाळून त्यात भात पेरायचा ही तिथली जुनी रीत. तिला ‘तावी’ म्हणतात. आपल्याकडच्या कुमरी शेतीचीच ती बहीण. नव्या सरकारने तावीवर बंदी घातली. आणि त्याच सरकारने चांगल्या जमिनी मळेवाल्यांना दिल्या, लोकांना वेठीला धरले. जमीन गेली की माणूस अधिक उंचावर, अधिक आतले रान जाळतो. बंदीचा कागद त्याला अडवू शकत नाही. २९ मार्च १९४७ रोजी, आपल्या स्वातंत्र्याला साडेचार महिने उरले असताना, पूर्व भागात उठाव झाला. गावेच्या गावे रानात पळाली. उठाव चिरडला गेला आणि हजारो माणसे मेली. गोळीने मेली त्यांहून अधिक रानात भुकेने आणि रोगाने गेली असावीत. स्वातंत्र्य मिळाले ते २६ जून १९६० रोजी.

आज पूर्वेकडच्या उतारांवर राविनालांची दाटी दिसते. पाहुण्याला वाटते, काय हे अस्पर्श रान! वास्तविक ते रान गेल्याचे चिन्ह आहे. मोठे वृक्ष जळाले की मोकळ्या, उन्हाच्या जागेत हेच झाड आधी फोफावते. खऱ्या रानात मात्र त्याचा एक सोबती आहे: मानेला केसांची झालर असलेला काळा-पांढरा लेमूर. राविनालाच्या फुलांवरची कठीण आवरणे हा प्राणी हातांनी उलगडतो, तोंड खुपसून मध पितो आणि तोंडाला लागलेले पराग दुसऱ्या झाडावर नेतो. १९९४ साली शास्त्रज्ञांनी हे सविस्तर प्रसिद्ध केले. तो लेमूर आज नामशेष होण्याच्या वाटेवर आहे. रानाचे पान उरले आहे. रान आणि त्याचा सोबती दोन्ही जाऊ लागले आहेत.

सोनेरानंतर २३९ वर्षे शास्त्र सांगत होते, की राविनाला ही एकच जात आहे. तिथले गावकरी मात्र चार प्रकार ओळखत: मालामा, हिरानिराना, बेमावो आणि होरोनोरोना. एक दाट रानातला, दुसरा जाळलेल्या उतारावरचा, एक पुंजक्याने वाढणारा. घरासाठी कोणता तोडायचा हे त्यांना माहीत असायलाच हवे होते. शास्त्रज्ञ अखेर त्यांच्याबरोबर हिंडू लागले, आणि २०२१ साली एकदम पाच नव्या जाती जाहीर झाल्या. त्यांतल्या काहींना युरोपियन माणसांची नावे मिळाली. एकीचे नाव आहे मेनाहिराना. तिथल्या भाषेत ‘मेना’ म्हणजे तांबडा.