वतन गेले, मेहेरबानी गेली नाही

आपल्या वस्तीतल्या एखाद्या निवृत्त गुरुजींना विचारा, ‘पेन्शनचं काम झालं का?’ उत्तर बहुधा असे येते, ‘साहेब चांगले होते, केलं त्यांनी.’ या वाक्यावर आमचा आक्षेप आहे. ज्याने तीस-पस्तीस वर्षे खडू झिजवला, त्याने स्वतःच्या कमाईच्या पैशासाठी साहेबाचे उपकार का मानावेत?

हा प्रश्न धाराशिव जिल्ह्याला नवा नाही. 22 आणि 23 फेब्रुवारी 1941 रोजी कसबे तडवळे येथे महार-मांग वतनदार परिषद झाली. बाबासाहेब स्वतः आले होते. वतन म्हणजे काय होते? जमिनीचा तुकडा, थोडे बलुते आणि त्या बदल्यात सरकारचे व गावाचे रात्रंदिवस पडेल ते काम. दिले तर दिले, नाही तर नाही. बाबासाहेबांनी 19 मार्च 1928 रोजीच मुंबई विधिमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले होते. त्यामागचा विचार सरळ होता. काम घेता, तर ठरलेला मोबदला द्या. माणसाला कुणाच्या मर्जीवर जगायला लावू नका.

पेन्शनच्या कायद्याचा इतिहास हा याच विचाराचा पुढचा टप्पा आहे. पेन्शन ही सरकारची बक्षिसी नसून कर्मचाऱ्याचा हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1971 साली देवकीनंदन प्रसाद खटल्यात सांगितले. 17 डिसेंबर 1982 रोजी नाकारा खटल्याचा निकाल आला. 31 मार्च 1979 ही तारीख धरून निवृत्तांचे दोन गट पाडले गेले होते. एका गटाला सुधारित पेन्शन, दुसऱ्याला नाही. पाच न्यायमूर्तींच्या पीठाने ही विभागणी संविधानाच्या कलम 14 च्या, म्हणजे समतेच्या विरोधात ठरवली. 17 डिसेंबर हा पेन्शनर दिन म्हणून पाळला जातो तो यामुळेच.

मग आज गुरुजी कोर्टात का जातात? दोन कारणे मुख्य आहेत.

पहिले कारण वसुली. वेतननिश्चिती कार्यालय करते, चूकही कार्यालयाचीच असते. ती सापडते मात्र निवृत्तीच्या तोंडावर, आणि रक्कम कापली जाते गुरुजींच्या ग्रॅच्युइटीतून. रफिक मसीह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 18 डिसेंबर 2014 रोजी सांगितले की वर्ग 3 व 4 चे कर्मचारी, तसेच निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, यांच्याकडून अशी वसुली करता येत नाही. 2022 मध्ये केरळच्या एका निवृत्त शिक्षकालाही याच न्यायाने दिलासा मिळाला. यावर कार्यालये हमीपत्र पुढे करतात. हमीपत्र दिले असेल तर वसुली चालते, असा 2016 चा जगदेव सिंग खटल्याचा निकाल आहे, हे खरे. पण तो कर्मचारी न्यायाधीश होता, वर्ग 3 चा प्राथमिक शिक्षक नव्हता. हा फरक आपण ठासून मांडला पाहिजे.

दुसरे कारण तारखेचे. राज्याने 1 नोव्हेंबर 2005 पासून नव्याने लागणाऱ्यांची जुनी पेन्शन बंद केली. पण जे त्याआधीच लागले आणि ज्यांच्या शाळेला 100 टक्के अनुदान नंतर मिळाले, त्यांचे काय? मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 2019 मध्ये निर्णय त्यांच्या विरोधात दिला. त्या तारखेला शाळा पूर्ण अनुदानित नव्हती, म्हणून जुनी पेन्शन नाही. निकालाचा आदर राखूनही आम्हाला हा तर्क पटत नाही. अनुदान कधी द्यायचे हे सरकारने ठरवले. उशीर सरकारचा, शिक्षा शिक्षकाला! विनाअनुदानित शाळेत वर्षानुवर्षे बिनपगारी राबणे आणि म्हातारपणी रिकाम्या हाताने घरी जाणे, याला नव्या काळातले वतन नाही तर काय म्हणावे?

‘तिजोरीवर बोजा पडतो’ असे सांगितले जाते. पण आपल्या घरांत पेन्शन एका माणसाची नसते. पहिल्या पिढीतल्या शिक्षकाकडे ना शेती, ना वाडा. नातवंडांची फी आणि म्हातारीचे औषध त्यातूनच निघते. ती अडली की शिक्षणाने वर आलेले घर पुन्हा सावकाराच्या दारात उभे राहते.

खरी मेख पुढे आहे. निकाल एकाच्या बाजूने लागतो, पण कार्यालय दुसऱ्याला म्हणते, ‘तुम्हीही ऑर्डर आणा.’ म्हणजे प्रत्येक गुरुजीने अडीचशे किलोमीटरवरच्या औरंगाबाद खंडपीठाची वाट धरायची. हक्क असा सुटा-सुटा मागितला की त्याची मेहेरबानी होते.

म्हणून तरुणांना आमचे सांगणे आहे. आपल्या गावातल्या शिक्षकांचे सेवापुस्तक निवृत्तीच्या दोन वर्षे आधीच तपासून घ्या. वसुलीचा आदेश आला तर लेखी हरकत घ्या. पेन्शन-ग्रॅच्युइटीला विलंब झाला तर नागरी सेवा निवृत्तिवेतन नियम 129-अ आणि 129-ब दाखवून व्याज मागा. आणि कोर्टात जायचेच झाले, तर एकेकटे न जाता एकत्र याचिका करा.

तडवळ्याला वतनदार एकेकटे बाबासाहेबांना भेटायला गेले नव्हते. त्यांनी परिषद भरवली होती.

जय भीम!