अर्जदस्त ते एकपात्री

आदिलाबाद जिल्ह्यातील जैनथ हे गाव लक्ष्मीनारायणाच्या प्राचीन मंदिरामुळे व परमार जगद्देवाच्या काळातील संस्कृत शिलालेखामुळे अभ्यासकांस परिचित आहे. पैनगंगेच्या या टापूत तेलुगू व मराठी शेजारी नांदतात. दप्तराची भाषा मात्र दीर्घकाळ तिसरीच होती. निजामी राज्यात १८८४ पर्यंत फारसी आणि पुढे उर्दू. हाती पडलेला सरकारी कागद वाचून घेण्यासाठी रयतेस दुसऱ्याचे दार गाठावे लागे.

कागदाच्या या जाचाला हसण्याची वाट पैठणच्या एकनाथमहाराजांनी सोळाव्या शतकातच काढून ठेविली होती. त्यांचे अर्जदस्ताचे भारूड पाहावे. शरीर हा परगणा, जीव हा त्याचा अंमलदार, विकार हे हाताखालचे बेइमान लोक, आणि वर यमाकडून हुजूर येण्याचा हुकूम! फारसी कचेरीचा हा सारा थाट सोंग घेणारा भारूडकार देवळाच्या सभामंडपात उभा करी. ध्यानी घेण्याजोगी गोष्ट ही, की नाथांनी गांजलेल्या रयतेला हास्याचा विषय केले नाही. गोत्यात आलेल्या त्या अर्जदाराच्या जागी ऐकणारा स्वतःलाच पाहतो.

पुढे कागदाच्या जोडीला यंत्र आले. पु. ल. देशपांडे यांनी ‘म्हैस’मध्ये एस.टी.ची गाडी एका जनावरापायी अडवून ठेविली. १९७९ पासून प्रा. लक्ष्मण देशपांडे यांनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या प्रयोगात मराठवाड्यातील खेडूत वऱ्हाड थेट विमानाने परदेशी नेले. पात्रे ५२, नट एकच! ती माणसे गोंधळतात, पण ओशाळत नाहीत.

आज ज्यास स्टँड-अप कॉमेडी म्हणतात तीत विसरलेला पासवर्ड असतो, टंकण्यापूर्वीच बाद होणारा ओटीपी असतो, ‘मराठीसाठी दोन दाबा’ म्हणून पुन्हा पहिल्या पायरीवर आणून सोडणारा यांत्रिक आवाज असतो. ही कला निव्वळ विलायती, असे आपल्यातील काही वडीलधारे नाक मुरडून म्हणतात. ते आम्हांस मान्य नाही. आमची तक्रार निराळी आहे. काही कलाकार आजोबांच्या थरथरत्या बोटावर हशा वसूल करतात. परक्या लिपीचा कागद घेऊन दारोदार फिरणाऱ्या जैनथच्या कुळात आणि या आजोबांत अंतर ते किती? पुढल्या उत्सवात भारूडास उभे राहणाऱ्याने परवान्याच्या जागी हा ओटीपी खुशाल घ्यावा, फोन मात्र स्वतःच्याच हाती धरावा. यमाचा तगादा आहे तसाच राहू द्यावा.