साठ आणि बहात्तर

लहानपणी आमच्याकडे बर्डीवरून आणलेला व्हिडिओ गेम होता. अमेरिकेतल्या आत्तेभावाने एकदा प्रेमाने मारिओची करडी कॅसेट आणली, आणि ती खाचेत शिरेचना! दादाचा चेहरा पडला. मला वाटलं, आपलाच डबा भिकार.

परवा जरा खणल्यावर कळलं, दोष डब्याचा नव्हता. निन्टेन्डोने १९८३ साली जपानात फॅमिकॉम काढला. त्याच्या कॅसेटला ६० पिना. १९८५ साली तोच एनईएस म्हणून अमेरिकेत गेला तेव्हा पिना ७२ झाल्या, आणि आत कुलुपाची चिप बसली. कॅसेटमधल्या जोडीदार चिपशी तिचं जमलं नाही की मशीन सारखं रिसेट! १९८३ च्या सुमारास तिकडचा गेमबाजार सुमार गेम्सच्या पुरात बुडाला होता, म्हणून ही राखण.

आपले डबे म्हणजे फॅमिकॉमच्या नकला. पिना ६०, कुलूप नाहीच. त्यामुळे जपानी गेम्स बिनधास्त चालायचे, आणि दादाची अस्सल कॅसेट मात्र दाराबाहेर. गंमतच आहे की नाही?

मागच्या रविवारी ७२ चं ६० करणारा अडॅप्टर लावला. मारिओ धावला! दादाला लगेच फोटो पाठवला. उत्तर आलं, "वीस वर्षं लावली बे."