केळवणात ‘नवरदेव ओळखा’ खेळ कसा घ्यावा?

लग्नाआधी मैत्रिणी आणि नात्यातल्या बायका नवरीसाठी ठेवतात तो कार्यक्रम म्हणजे ब्रायडल शॉवर. ही पद्धत पाश्चात्त्य देशांतली. आपल्याकडे तिच्या जवळचा प्रसंग म्हणजे केळवण. कुरुंदवाडमध्ये मामा-मावशीकडे केळवण असेल, तर शेजारच्या नृसिंहवाडीची बासुंदी संपल्यावर रंगणाऱ्या गप्पांत हा खेळ सहज बसतो.

तयारी
नवरदेवाला आधीच दहा प्रश्न पाठवा आणि उत्तरांचे छोटे व्हिडिओ मागवून घ्या.

खेळ
एकीने प्रश्न वाचावा, नवरीने उत्तर द्यावे, मग व्हिडिओ दाखवावा. बरोबर आले तर एक गुण, चुकले तर उखाणा.

प्रश्न कोणते?
- तांबडा रस्सा आवडतो की पांढरा?
- शाळेत कोणत्या विषयाची भीती वाटायची?
- स्वयंपाकातले काय काय येते?
- राग आल्यावर बोलून टाकतो की गप्प बसतो?

काय टाळावे?
पगार, देणेघेणे आणि जुनी प्रेमप्रकरणे. ठरवून केलेल्या लग्नात दोघे अनेकदा दोन-चार वेळाच भेटलेले असतात, त्यामुळे उत्तरे चुकणारच. ‘एवढंही माहीत नाही?’ असा टोमणा नको.

नोकरी, घरकाम, पैसा आणि राहण्याची जागा हे विषय चारचौघांत काढू नयेत. पण लग्नाआधी दोघांनी ते बोलायलाच हवेत. चुकलेली उत्तरे नवरीने लिहून ठेवली, तर त्या बोलण्याची सुरुवात सोपी होते. नवरदेवाच्या केळवणात हाच खेळ नवरीबद्दल घ्यावा, म्हणजे परीक्षा दोघांचीही होते.