मानसिक आजाराबद्दल उघड बोलणे : हक्क कोणाचा, जबाबदारी कोणाची?

शुगर-बीपीची गोळी आपण चारचौघांत घेतो. डिप्रेशन, बायपोलर किंवा स्किझोफ्रेनियाची गोळी मात्र कपाटात लपवली जाते. कारण आजारापेक्षा ‘वेडा’ हा शिक्का जास्त चिकटतो. घरात मुली असतील तर रिश्ते येणार नाहीत, ही भीती वेगळीच. आम्ही शिक्षक पालकांशी बोलतो तेव्हा हे हमखास दिसतं. ‘असर झालाय’, ‘ईमान कमजोर आहे’ असं सांगून विषय मिटवला जातो. दुआ जरूर करावी, तिने मनाला आधार मिळतो. पण दुआसाठी दवा बंद करायची गरज नाही.

लपवण्याची किंमत

6 ऑगस्ट 2001 रोजी तमिळनाडूतील एरवाडी येथे, दर्ग्याजवळच्या एका खाजगी आश्रयगृहात आग लागली. साखळदंडाने बांधलेले 28 मनोरुग्ण त्यात गेले. त्यांना पळताही आलं नाही.

जे बोलले

दीपिका पदुकोण यांनी 2015 साली आपल्या डिप्रेशनबद्दल जाहीरपणे सांगितलं. ‘दंगल’मधून पुढे आलेल्या काश्मीरच्या झायरा वसीम यांनी मे 2018 मध्ये डिप्रेशन व एन्झायटीबद्दल लिहिलं, तेव्हा त्या जेमतेम सतरा वर्षांच्या होत्या. पुण्याच्या रेश्मा वल्लियप्पन स्किझोफ्रेनियासह जगण्याबद्दल उघडपणे बोलतात. त्यांच्यावर ‘अ ड्रॉप ऑफ सनशाइन’ हा माहितीपटही आहे. मात्र नावाजलेल्या माणसाला बोलणं जमलं म्हणून मोहल्ल्यातल्या मुलीलाही ते तितकंच सोपं जाईल, असं नाही.

कायदा काय सांगतो

मानसिक आरोग्य सेवा अधिनियम, 2017 नुसार :
- आजाराची माहिती गुप्त राहणे हा रुग्णाचा हक्क आहे (कलम 23).
- संमतीशिवाय रुग्णाचा फोटो किंवा माहिती माध्यमांना देता येत नाही (कलम 24).
- विमा कंपनीने शारीरिक आजाराप्रमाणेच मानसिक आजारालाही आरोग्य विमा द्यायचा आहे (कलम 21).
- रुग्णाला साखळीने बांधण्यास मनाई आहे (कलम 95).

म्हणजे बोलायचं की नाही, हे रुग्णच ठरवणार. आई-वडिलांनी, उस्तादांनी किंवा शेजाऱ्यांनी परस्पर सांगत फिरायचं नाही.

बोलायचं ठरवलंच तर

आधी उपचार सुरू असावेत, तब्येत थोडी स्थिर असावी. पहिल्यांदा भरवशाच्या एकाच माणसाला सांगावं. किती सांगायचं, काय राखून ठेवायचं, हे अगोदर ठरवावं. सोशल मीडियावर टाकलेलं पूर्ण मागे घेता येत नाही, हे ध्यानात ठेवावं.

ऐकणाऱ्यांसाठी

मध्येच उपदेश करू नका. ‘तुला कशाची कमी आहे?’ असं विचारू नका. गोळ्या सोडायला सांगू नका. ‘डॉक्टरकडे मी सोबत येऊ का?’ एवढं विचारलं तरी खूप झालं.

मदत हवी असल्यास सरकारची ‘टेली-मानस’ हेल्पलाइन 14416 या क्रमांकावर चोवीस तास मोफत आहे आणि मराठीतही बोलता येतं.

बोलणाऱ्याने हिंमत दाखवायची आणि आपण मात्र त्याचा तमाशा करायचा, असं चालणार नाही. त्याचं बोलणं त्याच्यावरच उलटणार नाही, याची काळजी समाज म्हणून आपल्यालाच घ्यायची आहे.